नाट्यकलेची सेविका : डेम सिबिल थॉर्नडाइक

नटाची कीर्ती अल्पायुषी असते, असे आपल्याकडे जुन्या काळापासून म्हणत आले आहेत. कवी मागे काव्य ठेवतो, शिल्पी मूर्ती ठेवतो. नटाची कृती मात्र पडदा पडला की प्रेक्षकांच्या स्मरणात जाऊन बसते, आणि ते प्रेक्षक गेले म्हणजे तीही जाते. चित्रपटाच्या शोधाने हे दुःख नाहीसे झाले असे पुष्कळांस वाटले. परंतु इंग्लंडमधील सुप्रसिद्ध नटी डेम सिबिल थॉर्नडाइक यांचे चरित्र पाहिले म्हणजे ही समजूत कितपत खरी आहे याची शंका येऊ लागते. १८८२ ते १९७६ असे ९३ वर्षांचे आयुष्य त्यांना लाभले, आणि त्यांपैकी ६५ वर्षे त्या रंगभूमीवर वावरल्या. चित्रपटांतही त्यांनी बरीच कामे केली. पण आज पडद्यावर त्यांचे जे दर्शन घडते ते बहुधा एखाद्या करारी अथवा विनोदी वृद्धेचे. ज्या भूमिकांनी त्यांचे नाव झाले त्या बहुतांशी छायाचित्रांत, परीक्षणांत आणि आठवणींत उरल्या आहेत. आणि त्यांचे सर्वांत मोठे कार्य तर कोणत्याच एका भूमिकेत सामावत नाही. थोर नाटक हे राजधानीतील महागड्या खुर्च्यांवर बसणाऱ्यांसाठीच असते काय, हा तो प्रश्न. त्या प्रश्नाला थॉर्नडाइकबाईंनी व्याख्यानाने उत्तर दिले नाही, आपल्या कारकिर्दीने दिले.

ॲग्नेस सिबिल थॉर्नडाइक हिचा जन्म २४ ऑक्टोबर १८८२ रोजी लिंकनशायर परगण्यातील गेन्सबरो या गावी झाला. वडील आर्थर थॉर्नडाइक हे धर्मोपदेशक होते. मुलगी दोन वर्षांची असतानाच त्यांची नेमणूक रॉचेस्टरच्या कॅथीड्रलमध्ये झाली आणि तेथेच तिचे बालपण गेले. प्रार्थनेचा गंभीर स्वर, ऑर्गनचे सूर आणि घरात भावंडांनी मांडलेली नाटके, अशा वातावरणात ती वाढली. धाकटा भाऊ रसेल हा पुढे नट आणि कादंबरीकार म्हणून प्रसिद्धीस आला. लहानपणच्या नाटकांतील तिचा पहिला साथीदार तोच. मात्र त्या काळी सिबिलचे ध्येय निराळे होते. तिला पियानोवादक व्हावयाचे होते. लंडनच्या गिल्डहॉल संगीत विद्यालयात तिने शिक्षण घेतले आणि लहान वयातच ती लोकांसमोर वाजवू लागली. पण अतिरिक्त मेहनतीने तिच्या मनगटास पेटके येऊ लागले आणि कित्येक वर्षांची तपश्चर्या एकाएकी निष्फळ ठरली. बोटांनी जे साधावयाचे होते ते आता कंठाने साधावे, असे भावाने तिच्या मनावर बिंबवले. संगीताची ती शिस्त मात्र वाया गेली नाही. पद्यमय संवादाचा ताल सांभाळण्याचे जे सामर्थ्य पुढे त्यांच्या वाणीत दिसून आले, त्याचा पाया पियानोपुढे घालवलेल्या त्या वर्षांत घातला गेला होता.

१९०३ साली सिबिल बेन ग्रीट यांच्या नाट्यशाळेत दाखल झाली. ग्रीट हे शेक्सपिअरची नाटके गावोगाव, पुष्कळदा बागेत आणि मोकळ्या मैदानात करीत. १९०४ मध्ये ती त्यांच्या मंडळीबरोबर अमेरिकेस गेली आणि पुढील तीन वर्षांत तिने त्या अवाढव्य देशात लहानमोठ्या मिळून शंभरावर भूमिका केल्या. आज राणी तर उद्या दासी, सकाळी एक नाटक तर रात्री दुसरे, अशी ती उमेदवारी होती. आपल्याकडील जुन्या नाटकमंडळ्यांची बिऱ्हाडे पाठीवर घेऊन चाललेली भटकंती ज्यांनी ऐकली आहे, त्यांना या जीवनाची कल्पना सहज येईल. उघड्या हवेत आवाज चढवून बोलण्याच्या परिणामी तिचा गळा बसला. आता बोलणेच खुंटते की काय, अशी वेळ आली. काही आठवडे तिला संपूर्ण मौन पाळावे लागले. मौन संपले तेव्हा आवाज परत आला, आणि तो पुढे साठ वर्षे टिकला.

इंग्लंडमध्ये परतल्यावर बर्नार्ड शॉ यांची नजर तिच्याकडे गेली. शॉ यांच्या ‘कँडिडा’ नाटकातील नायिकेची बदली नटी म्हणून ती मिस ॲनी हॉर्निमन यांच्या मंडळीत गेली. या मिस हॉर्निमन यांचा परिचय येथे करून देणे अवश्य आहे. चहाच्या मोठ्या व्यापारी घराण्यातील ही स्त्री. वारशाने आलेला पैसा तिने नाटकासाठी वेचला. डब्लिनच्या ॲबी थिएटरला तिने साह्य केले आणि १९०८ मध्ये मँचेस्टरचे गेटी थिएटर घेऊन तेथे स्थायी नटसंच ठेवला. तोपर्यंत चाल अशी होती की, लंडनमध्ये एखादे नाटक यशस्वी झाले म्हणजे तेच इतर शहरांत फिरवावयाचे. गिरण्यांच्या धुराने काळवंडलेल्या मँचेस्टरला स्वतःची रंगभूमी असावी, तेथील लोकांच्या जीवनावर तेथल्याच लेखकांनी नाटके लिहावीत, ही कल्पना नवी होती. याच मंडळीत लुईस कॅसन या तरुण नटाची आणि सिबिलची गाठ पडली. डिसेंबर १९०८ मध्ये दोघांचा विवाह झाला. हा संसार साठ वर्षे चालला, आणि तो जेवढा घरात चालला तेवढाच रंगमंचावरही चालला. कॅसन हे कडक शिस्तीचे दिग्दर्शक आणि कट्टर समाजवादी होते. पत्नीच्या अंगी उत्साहाचा पूर होता. त्या पुराला बांध घालण्याचे काम पतीने केले.

१९१४ साली महायुद्ध सुरू झाले, आणि त्याच वर्षी सिबिलबाईंचे पाऊल ‘ओल्ड व्हिक’मध्ये पडले. थेम्स नदीच्या दक्षिणेस, वॉटर्लू रोडवरील या वास्तूचा इतिहास मोठा मनोरंजक आहे. १८१८ मध्ये बांधलेले हे नाट्यगृह कालांतराने गुत्त्याच्या पातळीस येऊन पोहोचले होते. १८८० मध्ये एमा कॉन्स नावाच्या समाजसेविकेने ते ताब्यात घेतले, दारू बंद केली आणि मजुरांच्या कुटुंबांना संध्याकाळी कॉफी पीत गाणे ऐकता यावे अशी व्यवस्था केली. तिची भाची लिलियन बेलिस हिच्याकडे १९१२ मध्ये कारभार आला आणि १९१४ पासून तेथे शेक्सपिअरची नाटके नियमाने होऊ लागली. बेलिसबाईंपाशी पैसा नव्हता, नाट्यशास्त्राची विद्वत्ता नव्हती. होती ती एक अढळ श्रद्धा. शेक्सपिअर हा भोवतालच्या गरीब वस्तीचाही आहे आणि तो त्यांना त्यांच्या ऐपतीत मिळाला पाहिजे, ही ती श्रद्धा. देवा, चांगला नट पाठव आणि तो स्वस्तात पाठव, अशी त्या प्रार्थना करीत, अशी एक आख्यायिका आहे. रंगमंचाच्या बाजूलाच शेगडीवर त्यांचे जेवण शिजत असे आणि त्याचा वास प्रेक्षकांपर्यंत जाई, असेही सांगतात.

या गरीब संसारात थॉर्नडाइकबाईंनी १९१४ ते १९१८ अशी युद्धाची चार वर्षे घालवली. रोझलिंड, पोर्शिया, ऑफिलिया, लेडी मॅकबेथ अशा नायिका तर त्यांनी केल्याच. पण तरुण नट एकामागून एक आघाडीवर जाऊ लागल्यावर पुरुषांच्या भूमिकाही त्यांच्याकडे आल्या. राजपुत्र हाल, ‘टेंपेस्ट’मधील फर्डिनंड, ‘किंग लिअर’मधील विदूषक, ही सारी पात्रे एका चार मुलांच्या आईने उभी केली. त्याच वर्षांत महाराष्ट्रात बालगंधर्व शकुंतला आणि भामिनी यांच्या रूपाने प्रेक्षकांची मने जिंकीत होते. एके ठिकाणी रूढीने पुरुषाला स्त्रीवेष दिला, तर दुसऱ्या ठिकाणी युद्धाने स्त्रीला पुरुषवेष दिला. काळ एकच, कारणे मात्र किती भिन्न! लंडनवर शत्रूची विमाने येत, स्फोटांचे आवाज संवादांत मिसळत, तरी प्रयोग थांबत नसे. एकदा अशाच हल्ल्यामुळे सिबिलबाईंना येण्यास उशीर झाला तेव्हा बेलिसबाई संतापल्या. पडदा वर गेला असता हल्ल्याची सबब कसली सांगता, असा त्यांचा रोख होता! हे ऐकून आज हसू येते. पण त्या दिवसांत सिबिलबाईंच्या घरावरही युद्धाची छाया पडली होती. पती कॅसन सैन्यात होते. ते १९१७ मध्ये जखमी झाले. त्याच वर्षी धाकटा भाऊ फ्रँक युद्धात कामास आला.

दुःखाचा हा अनुभव पुढे त्यांच्या कलेत उतरला. युद्ध संपल्यावर प्रोफेसर गिल्बर्ट मरे यांनी केलेल्या युरिपिडीसच्या भाषांतरांत त्यांनी हेक्यूबा आणि मीडिया या भूमिका केल्या. ट्रॉय शहराची राखरांगोळी झाल्यावर मुलानातवंडांसाठी टाहो फोडणारी वृद्ध राणी हेक्यूबा त्यांनी १९१९-२० मध्ये उभी केली, तेव्हा नाट्यगृहात बसलेल्या कितीतरी मातांची मुले नुकतीच फ्रान्सच्या मातीत पुरली गेली होती. दोन हजारांहून अधिक वर्षांपूर्वीचे नाटक त्या प्रेक्षकांना काल लिहिल्यासारखे वाटले असल्यास नवल नाही. अर्थात ग्रीक शोकांतिकांवर संसार चालत नाही. १९२० ते १९२२ या काळात बाईंनी पती आणि भाऊ रसेल यांच्यासह लिटल थिएटरमध्ये ‘ग्रां गिन्योल’ पद्धतीची भयनाट्ये केली. खून, वेड आणि छळ यांनी भरलेल्या या छोट्या नाटिका पॅरिसहून आल्या होत्या. धर्मोपदेशकाच्या कन्येने असली कामे करावीत याचे काहींना आश्चर्य वाटले. तिने मात्र ती मोठ्या हौसेने केली.

१९२२ मध्ये थॉर्नडाइकबाईंनी शेलीचे ‘द चेंची’ हे नाटक दुपारच्या काही प्रयोगांपुरते रंगभूमीवर आणले. शेलीने ते १८१९ मध्ये लिहिले होते. पण त्यातील भयंकर कथानकामुळे सरकारी परीक्षकाने शंभर वर्षे त्याचा जाहीर प्रयोग होऊ दिला नव्हता. जुलमी पित्याचा वध करविल्याबद्दल न्यायासनापुढे उभी राहिलेली बिआट्रिस बाईंनी साकार केली, आणि प्रेक्षकांत बसलेल्या बर्नार्ड शॉ यांना आपली जोन सापडली, असे सांगतात. फ्रान्सच्या मुक्ततेसाठी लढलेल्या आणि १४३१ मध्ये रूआन येथे जिवंत जाळल्या गेलेल्या जोन ऑफ आर्क हिला रोमच्या धर्मपीठाने १९२० मध्ये संतपद दिले होते. शॉ यांनी तिच्यावर ‘सेंट जोन’ हे नाटक लिहिले. २६ मार्च १९२४ रोजी लंडनच्या न्यू थिएटरमध्ये त्याचा प्रयोग झाला. तालमी शॉ आणि कॅसन या दोघांनी मिळून घेतल्या. बाईंचे वय तेव्हा ४१ होते आणि नायिका होती १७-१८ वर्षांची खेडवळ पोर. तरीही ती भूमिका इतकी जिवंत झाली की, त्या खेपेस २४४ प्रयोग झाले आणि पुढे कित्येक वर्षे त्या नाटकाची मागणी चालू राहिली. त्यांच्या जोनमध्ये गूढ तेज होते, पण त्याहून अधिक होता तो शेतकऱ्याच्या मुलीचा रोखठोक शहाणपणा. राजाशी, सेनापतीशी आणि धर्माधिकाऱ्यांशी ती एकाच भाषेत बोले. हेच नाट्यगृह पुढे २००६ पासून नोएल कॉवर्ड थिएटर या नावाने ओळखले जाऊ लागले.

एवढ्या यशानंतर सामान्य नटी काय करील? लंडनच्या वेस्ट एंडमधील धनिक नाट्यगृहांत मानाने आणि सुखाने राहील. बाईंनी तसे केले नाही. १९२६ च्या मे महिन्यात इंग्लंडमध्ये सार्वत्रिक संप झाला. कोळशाच्या खाणीतील मजुरांचे वेतन कमी करून कामाचे तास वाढवण्याचा मालकांचा बेत होता, आणि त्याविरुद्ध इतर धंद्यांतील कामगारांनीही काम बंद केले. ४ मे ते १२ मे असा हा संप चालला. खाणकामगार मात्र त्यानंतरही कित्येक महिने उपाशीपोटी झुंजत राहिले. सुखवस्तू वर्गाचा ओढा सरकारकडे होता. थॉर्नडाइकबाई आणि कॅसन हे दांपत्य उघडपणे कामगारांच्या बाजूस होते. कॅसन यांनी तर कामगार संघटनेच्या कामासाठी स्वतः मोटार चालवली. या प्रसंगी खाणकामगारांशी जे नाते जडले ते चौदा वर्षांनी कसे फळास आले, ते पुढे दिसेलच.

१९२८ मध्ये ‘डॉन’ या मूकपटात बाईंनी एडिथ कॅव्हेल या परिचारिकेची भूमिका केली. महायुद्धात ब्रसेल्स येथे दोस्त सैनिकांना पळून जाण्यास मदत केल्याबद्दल जर्मनांनी १२ ऑक्टोबर १९१५ रोजी तिला गोळ्या घातल्या होत्या. चित्रपटाने जुने वैर पुन्हा पेटेल अशा भीतीने खुद्द ब्रिटिश परराष्ट्रमंत्री ऑस्टिन चेंबरलेन यांनी हरकत घेतली आणि परीक्षक मंडळाने परवानगी नाकारली. तथापि लंडनच्या काउंटी कौन्सिलने आपल्या हद्दीत तो दाखवू दिला. १९३० च्या मे महिन्यात सॅव्हॉय थिएटरमध्ये ‘ऑथेल्लो’चा प्रयोग झाला. त्यात नायक होता अमेरिकेतील कृष्णवर्णीय गायक व नट पॉल रोब्सन, डेस्डेमोना होती तरुण पेगी ॲशक्रॉफ्ट आणि एमिलिया होत्या थॉर्नडाइकबाई. ऑथेल्लोचे काम गोऱ्या नटाने तोंडाला काळे फासूनच करावयाचे, अशी तोवर रीत पडून गेली होती. गोऱ्या नायिकेस कृष्णवर्णीय नटाने रंगमंचावर मिठी मारावी, ही गोष्ट त्या काळी अनेकांना खपत नव्हती. अशा वेळी नामांकित नटीने दुय्यम भूमिका घेऊन त्या प्रयोगास उभे राहणे याला निराळा अर्थ होता. पुढच्याच वर्षी, १९३१ मध्ये, त्यांना ‘डेम’ हा किताब मिळाला.

१९३८ मध्ये एम्लिन विल्यम्स यांच्या ‘द कॉर्न इज ग्रीन’ या नाटकात त्यांनी मिस मॉफट ही शिक्षिका रंगवली. वेल्समधील एका खाणीच्या गावात ही बाई येते, कोळशाने माखलेल्या मुलांसाठी शाळा काढते आणि त्यांतील एका हुशार मुलास ऑक्सफर्डच्या दारापर्यंत पोहोचवते, असे त्याचे कथानक आहे. लंडनच्या प्रेक्षकांना ते अतिशय आवडले आणि युद्धाची घोषणा होईपर्यंत ते चालू होते. मग, जणू नाटकातील शिक्षिका रंगमंचावरून खाली उतरून खरोखरीच त्या खोऱ्यांकडे चालू लागली!

दुसऱ्या महायुद्धात लंडनवर बाँब पडू लागले; तेथील बहुतेक नाट्यगृहे बंद झाली. ओल्ड व्हिकच्या इमारतीस मे १९४१ मध्ये बाँबहल्ल्याने मोठी इजा झाली, आणि ती पुन्हा उघडावयास १९५० साल उजाडले. टायरोन गथ्री यांनी संस्थेचे ठाणे लँकशायरमधील बर्नली या गिरणीच्या गावी हलवले. १९४० च्या आरंभी संगीत आणि कला यांच्या उत्तेजनार्थ एक परिषद स्थापन झाली होती. पिल्ग्रिम ट्रस्ट या संस्थेने दिलेले २५,००० पौंड हे तिचे आरंभीचे भांडवल. या परिषदेच्या आश्रयाने कॅसन दांपत्य ओल्ड व्हिकची मंडळी घेऊन दक्षिण वेल्सच्या कोळशाच्या खोऱ्यांत निघाले. नाटक कोणते, तर ‘मॅकबेथ’! पुढच्या दौऱ्यांत ‘किंग जॉन’, ‘मीडिया’ आणि ‘कँडिडा’ यांची भर पडली. दमलेल्या मजुरास हलकाफुलका तमाशा दाखवावा, शोकांतिका त्यास काय कळणार, असे म्हणणारे शहाणे सर्वत्र असतात. बाईंचे मत याच्या नेमके उलट होते.

मजुरांच्या वर्गणीतून बांधलेली सभागृहे हीच तेथली नाट्यगृहे. रंगमंच अरुंद, रंगपट म्हणजे एखादी कोंदट खोली, नेपथ्य म्हणजे चार पडदे आणि दिवे. रात्री ब्लॅकआउटच्या काळोखातून पुढचे गाव गाठावयाचे. बाईंची साठी जवळ आली होती आणि कॅसन त्यांच्याहून सात वर्षांनी मोठे. त्या खोऱ्यांतील लोकांनी १९२६ ची उपासमार आणि त्यानंतरची दीर्घ बेकारी भोगली होती. वेल्समधील प्रार्थनामंदिरांत उत्कट प्रवचने आणि सामुदायिक गायन ऐकण्याचा त्यांच्या कानांस सराव होता. अशा श्रोत्यांना मीडियाचा आक्रोश परका वाटला नाही. लंडनच्या सुशिक्षित प्रेक्षकाला जे नाटक समजून घ्यावे लागे, ते खाणीतील माणसाने एकदम जवळ केले, असा बाईंचा अनुभव होता आणि तो त्या पुढे आनंदाने सांगत.

या दौऱ्यांमागे एक खासगी व्यथाही होती. थॉर्नडाइकबाई युद्धाच्या तत्त्वतः विरोधी. शांततेची प्रतिज्ञा घेणाऱ्या संघाच्या त्या सभासद होत्या. आणि त्यांचा थोरला मुलगा जॉन हा आरमारातील वैमानिक होता. जून १९४० मध्ये नॉर्वेच्या किनाऱ्यावर एका जर्मन युद्धनौकेवर हल्ला करीत असता त्याचे विमान पडले आणि तो शत्रूच्या हाती सापडला. युद्ध संपेपर्यंत तो जर्मनीतील बंदिछावणीत होता. ‘किंग जॉन’मध्ये कॉन्स्टन्स ही राजमाता कैद झालेल्या पुत्रासाठी शोक करते. ती भूमिका १९४१ मध्ये बाई करीत होत्या. प्रत्येक रात्री तो शोक उच्चारताना त्या आईच्या मनात काय चालले असेल, याची कल्पनाच केलेली बरी. प्रयोग मात्र एकही चुकला नाही म्हणून कौतुक करण्यापेक्षा, त्या शोकाला त्यांनी स्वतःपुरते ठेवले नाही, तो खोऱ्यांतील इतर मातांच्या शोकात मिसळू दिला, हे अधिक लक्षात घेण्यासारखे आहे.

या उद्योगाचे फळ काय? कला परिषदेने युद्धकाळात सिद्ध करून दाखवले की, सरकारी पैशाचा थोडासा आधार मिळाला तर उत्तम नाटक खेड्यापाड्यांत जाऊ शकते आणि लोक त्याचा सत्कार करतात. कॅसन यांनी काही काळ तिच्या नाट्यविभागाची धुराही वाहिली. १९४५ मध्ये त्यांस ‘सर’ हा किताब मिळाला. १९४६ मध्ये याच परिषदेचे रूपांतर ब्रिटनच्या आर्ट्स कौन्सिलमध्ये झाले. नाट्यकलेस राज्याने साह्य करावे हे तत्त्व तेथे अशा रीतीने रुजले. बाई मात्र १९४४ मध्ये पुन्हा लंडनमध्ये होत्या. ओल्ड व्हिकची मंडळी तेव्हा न्यू थिएटरमध्ये खेळ करी. लॉरेन्स ऑलिव्हिए आणि राल्फ रिचर्डसन हे नायक, आणि बाई ‘पीअर गिंट’मध्ये नायकाची वृद्ध आई झाल्या. वीस वर्षांपूर्वी ज्या रंगमंचावर त्या जोन म्हणून गाजल्या, त्याच रंगमंचावर आता त्या तरुणांच्या मागे उभ्या राहिल्या. यात त्यांना कमीपणा वाटला नाही.

आता चित्रपटांचा विचार करू. ‘मेजर बार्बरा’ (१९४१) यात मुक्तिफौजेची सेनानी, ‘निकोलस निकल्बी’ (१९४७) यात मुलांचा छळ करणारी शाळाचालिका, हिचकॉक यांच्या ‘स्टेज फ्राइट’ (१९५०) यात नायिकेची आई, ‘मेल्बा’ (१९५३) यात व्हिक्टोरिया राणी, अशा त्यांच्या भूमिका आहेत. १९५७ च्या ‘द प्रिन्स अँड द शोगर्ल’ यात त्या ऑलिव्हिए आणि मॅरिलिन मन्रो यांच्याबरोबर राजमातेच्या रूपात दिसतात. मन्रो वेळेवर येत नसे, म्हणून ऑलिव्हिए त्रासून गेले. तेव्हा कॅमेऱ्यापुढे कसे वागावे हे आपणा सर्वांत त्या मुलीलाच ठाऊक आहे, अशा आशयाचे बाईंनी त्यांना सुनावले, असे सांगतात. या उद्गारात औदार्य आहे, तसेच आत्मज्ञानही आहे. बाईंचा अभिनय मोठ्या रेषांचा होता. शेवटच्या रांगेतील माणसापर्यंत पोहोचण्यासाठी घडलेला तो आवाज आणि ते हातवारे. काही टीकाकारांना ते रंगमंचावरही अंमळ भडक वाटत. कॅमेरा हा अगदी कानाशी बसलेला प्रेक्षक. त्याला कुजबुज हवी असते. म्हणून पडद्याने बाईंचा चेहरा जपला, विनोदबुद्धी जपली. परंतु हेक्यूबा आणि मीडिया यांचा तो अनावर स्वर त्याच्या मापात बसला नाही.

वार्धक्यातही त्यांचा प्रवास थांबला नाही. पन्नाशीच्या दशकात पतिपत्नी नाट्यप्रवेश आणि काव्य यांच्या वाचनाचे कार्यक्रम घेऊन ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड आणि हिंदुस्थान येथपर्यंत फिरून आली. १९६२ मध्ये चिचेस्टर येथे चेकॉव्हच्या ‘अंकल वान्या’मध्ये ७९ वर्षांच्या बाई म्हातारी दाई झाल्या आणि ८६ वर्षांचे कॅसन गिटार वाजवणारे आश्रित टेलेगिन झाले. १६ मे १९६९ रोजी कॅसन निवर्तले. त्याच वर्षी सप्टेंबरात लेदरहेड या लहान गावी बाईंच्या नावाचे नवे नाट्यगृह उघडले, आणि तेथील पहिल्याच नाटकात त्या उभ्या राहिल्या. ती त्यांची रंगभूमीवरील अखेरची भूमिका. लंडनऐवजी एका लहान गावात, गावकऱ्यांच्या नाट्यगृहात ती व्हावी, हे त्यांच्या चरित्राला शोभणारेच झाले.

२८ फेब्रुवारी १९७६ रोजी नॅशनल थिएटर ही संस्था ओल्ड व्हिकमधील आपला मुक्काम संपवून नव्या वास्तूत जाण्यास निघाली. त्या रात्री लिलियन बेलिस यांच्या स्मरणार्थ कार्यक्रम झाला. थॉर्नडाइकबाई चाकांच्या खुर्चीत बसून प्रेक्षागृहात हजर होत्या. जी संस्था राजधानीचे भूषण म्हणून मिरवत बाहेर पडत होती तिचे मूळ, मजुरांना थोड्या पैशांत शेक्सपिअर दाखवण्याच्या एका हट्टी बाईच्या खटाटोपात होते. आणि तो खटाटोप प्रत्यक्ष अंगावर घेतलेल्यांपैकी एक त्या रात्री समोर बसली होती. त्याच वर्षी ९ जून रोजी बाईंचे देहावसान झाले. त्यांच्या अस्थी वेस्टमिन्स्टर ॲबीत ठेवण्यात आल्या.

नटाची कीर्ती अल्पायुषी असते हे खरेच आहे. सिबिल थॉर्नडाइक यांची मीडिया कशी होती हे आज कोणी ऐकू शकत नाही. पण वेल्सच्या एखाद्या खोऱ्यात, खाणीतून वर आलेल्या माणसाने अंगावरचा कोळसा धुऊन लाकडी बाकावर बसून युरिपिडीस ऐकला, ही घटना घडून गेली आहे आणि ती आता पुसता येणार नाही. जे लोक रंगभूमीकडे येऊ शकत नाहीत त्यांच्याकडे रंगभूमीने गेले पाहिजे, आणि जाताना आपल्याजवळचे उत्तमातील उत्तम नेले पाहिजे, एवढाच त्या दीर्घ आयुष्याचा मथितार्थ. भूमिका मावळल्या तरी तो वारसा पुढच्या नटांसाठी उरला आहे.